वाघोबाला डोळे

३ फेब्रुवारी
आल्यापासून लिहीन लिहीन म्हणतोय आणि रोज टाळतोय. आज बसलो एकदाचा. दहिसरला, नदीच्या वरच्या अंगाला, जंगलाच्या कुंपणाला चिकटलेल्या चाळीत खोली मिळालीय. झकास. खिडकीतून थेट झाडं. गणपतीच्या कारखान्यात डोळे आखणारा मी आता बिबट्यावर फिल्म काढणार, यावर प्रांजल अजून हसते. फिल्मचा आवाज ती बघते, वाकोल्याला घरूनच. घरमालक भाऊराव माणूस बरा, चहा मात्र फार गोड. वर पायवाटेवर शेंदूर फासलेला वाघोबाचा दगड आहे. नाक, जबडा कोरलेला, डोळेच नाहीत. भाऊराव म्हणाले, आमच्यात याला डोळे देत नाहीत. राखण त्याने जंगलाची करायची, माणसांकडे बघायचं नाही. परत येताना सुतारपक्षी दिसला, त्याच्यातच दिवस गेला. बिबट्या राहिलाच.

९ फेब्रुवारी
झाडाला बांधलेल्या कॅमेऱ्यात नुसती कुत्री. कंटाळून दगडाचा शॉट लावला, तर बिनडोळ्यांचा चेहरा मेल्यासारखा वाटला. हाताला सवय यार. आमच्या कारखान्यातून डोळ्यांशिवाय मूर्ती बाहेर पडत नाही. ब्रश होताच, दिले डोळे आखून. बुबुळ भरताना आम्ही मूर्तीपुढे आरसा धरतो, म्हणजे तिची पहिली नजर तिच्यावरच पडते. इथे आरसा कुठला? समोर फोन टेकवलेला होता, व्हिडिओ कॉलवर प्रांजल.
"धाक्या, तो माझ्याकडेच बघतोय रे," म्हणाली आणि हसली.

१३ फेब्रुवारी
बिबट्या मिळाला. भर दुपारी, दगडाला पाठ लावून बसलेला, हलत नाही. क्लिप प्रांजलला पाठवली. ती म्हणाली, दिसत नाहीये, डोळ्यांपुढे धुकं आहे. डॉक्टरांना काही सापडलं नाही.

१५ फेब्रुवारी
तिला घर दिसत नाही, आई दिसत नाही. वाकोल्यात खाटेवर पडून तिला पायवाट दिसते. मी सकाळी कुठला शर्ट घालून वर गेलो, तेही सांगितलं. बरोबर सांगितलं.
भाऊरावांपुढे कबूल केलं. ओरडले नाहीत. एवढंच विचारलं, "डोळे दिलेस तेव्हा समोर कोण होतं?"

१६ फेब्रुवारी
चाकू घेऊन खरवडायला गेलो. डावा डोळा, जरासाच — फोन. प्रांजलची आई, शुभामावशी. पोरगी किंचाळतेय, डाव्या डोळ्यातून रक्त — थांबलो. खरवडले तर तिचे डोळे जातात. ठेवले तर त्याचेच राहतात. चाकूला रंग नव्हता लागला. ओलं होतं काहीतरी —

१७
बिबट्या जागेवर नाही. कुत्रीही नाहीत. चाळीतली दारं दुपारीच बंद. शुभामावशीचा फोन — प्रांजल खाटेवर नाही. कडी आतून लावलेली, तरी —

भाऊराव आत्ता धापा टाकत वर माझ्या खोलीत आले. म्हणतात, प्रांजल आलीय. एकटी. रस्त्याने नाही, जंगलातून. अनवाणी, डोळे मिटलेले, आणि कुठे ठेच नाही, चाचपडणं नाही, जिना चढतेय सरळ —