त्यांच्या आयांनी काय केलं?

प्रिय प्राणेश,

या पत्राची सुरुवात कितीदा केली आणि किती कागद फाडले ते विचारू नकोस. दोन ओळी लिहिते आणि उठते. गॅस बंद केला का बघते, बाल्कनीत वाळत घातलेले कपडे उगाच चाचपते, पुन्हा येऊन बसते. मार्गळी महिना लागला आहे. पहाटेच समोरच्या कोविलातला देवाच्या गाण्यांचा लाऊडस्पीकर सुरू होतो आणि मग गल्लीत कुणाला झोप नसते. तुझ्याजवळ फोन असताना अक्का पत्र कशाला लिहिते, असं तुझ्या मनात येईल. आपल्या घरच्या दक्षिणी मराठीपुढे माझी पुस्तकी मराठी वाचून हसशीलही. पुण्यात शिकून आले तेव्हापासून तू मला ‘पुणेकरीण’च म्हणत आलास. हास, पण शेवटपर्यंत वाच.

आधी घरची हकिकत. आईचा गुडघा तसाच आहे. औषध घेते, पण रांगोळीचा कोलम घालायचं सोडत नाही. अपार्टमेंटच्या दारासमोरची जागा ती केवढी, पण मार्गळी म्हटल्यावर तिला रोज नवा, मोठा कोलम हवा. मी म्हटलं, बसून उठताना त्रास होतो, स्टिकर लावू. तिनं माझ्याकडे असं पाहिलं की मी पिठाचा डबा आणून दिला. मग ठिपके मांडता मांडता तुझीच गोष्ट काढली. शाळेत असताना तू तिच्या शेजारी उकिडवा बसून विचारलं होतंस की पाच ओळींत तीन-तीन ठिपके मांडले तर रेघ न तुटता एका दमात सगळीकडून फिरून येते, आणि सहा ओळींत चार-चार मांडले तर दोन वेगळ्या रेघा का लागतात. चार दिवस तू फरशी पांढरी करून ठेवलीस आणि मग अप्पा ऑफिसातून येताच ओरडलास, “अप्पा, हा मसावि आहे!” अप्पांनी हातातली पिशवी तशीच धरून तुझं सगळं ऐकून घेतलं होतं. एग्मोरच्या रेल्वे ऑफिसात जन्मभर कारकुनी केलेला माणूस. संध्या कधी चुकली नाही आणि गणितावरचा जीवही कधी कमी झाला नाही. आई म्हणाली, “तो काय बोलत होता तें मज तेव्हांही कळालें नाही. पण तेचं तोंड बघून वाटलं, देव दिसला की काय या पोराला.”

हे मी तुला टोमणा म्हणून लिहीत नाही. गणिताच्या संस्थेतली नोकरी सोडून तू मठात गेलास, याचा मला राग आला नाही, हे तुला ठाऊक आहे. आपल्या घरात हे अगदीच अनपेक्षित नव्हतं. राग आला तो गेल्या महिन्यात, तिरुवल्लिक्केणीच्या मठात. स्वामींबरोबर तू चेन्नईत आला होतास, घरी आला नाहीस. तेही मी समजून घेतलं. अनन्या माझ्याबरोबर आली ती तुझी विद्यार्थिनी म्हणून. तिच्या प्रबंधातल्या सिद्धतेची मधली पायरी तू तिला फळ्यावर करून दाखवली होतीस आणि लिहून द्यायच्या आधीच निघून गेलास. तिनं ती आपल्या परीनं मांडून आणली होती. तू खाली बसलास, कागदांकडे न बघता ते बोटानं मागे सारलेस आणि म्हणालास, “जे जाणायचं ते जाणलं की बाकीचं ओझंच असतं. ते माझं अज्ञान होतं. मी त्याला आता शिवत नाही.” इतक्या थंडपणे म्हणालास की मीच ते कागद गोळा केले आणि उठले.

पुढचं तू पाहिलं नाहीस, म्हणून सांगते. बाहेर आल्यावर ती रडेल असं मला वाटलं. देवळाच्या तळ्याशी आम्ही कॉफी घ्यायला थांबलो. टंबलरमधली कॉफी डबऱ्याच्या वाटीत ओतत ती सरळ म्हणाली, “मॅडम, सरांना वाटलं मी त्यांना परत न्यायला आले. मी त्यासाठी नव्हते आले. ते सुखात दिसतात, मला बरं वाटलं. मला फक्त एवढंच हवं होतं की ती पायरी बरोबर आहे की चूक.” मग टंबलर खाली ठेवून म्हणाली, “पण ते अज्ञान होतं म्हणतात, तर मला ते शिकवत होते तेव्हा काय शिकवत होते?” याचं उत्तर तूच दे.

दुसऱ्या दिवशी मला वर्गात नेमकं हेच शिकवायचं होतं. आपल्या नातेवाइकांत माझ्या विषयाची थट्टा अजून चालू आहे: माध्व ब्राह्मणांची मुलगी आणि ख्रिस्ती कॉलेजात पाद्र्यांच्या पोरांना त्यांचेच पूर्वज शिकवते! पण मला ते पूर्वज, आरंभीचे ख्रिस्ती लेखक, कधी परके वाटले नाहीत. पहिल्या तीन-चार शतकांतले हे लोक ग्रीक आणि लॅटिन शाळांत वाढलेले. काव्य, वक्तृत्व, तत्त्वज्ञान, सगळं जुन्या देवांना मानणाऱ्या गुरूंकडून शिकलेले. मग नवा धर्म स्वीकारला आणि प्रश्न पडला, या विद्येचं आता करायचं काय? काही म्हणाले, सत्य हाती आल्यावर आणखी शोधायचं काही उरत नाही. टाकून द्या. अलेक्झांड्रियातले काही म्हणाले, ती विद्याही देवानंच दिलेली, ग्रीकांना येशूसाठी तयार करायला. कुणी दाखला दिला की इस्राएलचे लोक गुलामीतून सुटून निघाले तेव्हा इजिप्तचं सोनं बरोबर घेऊन निघाले. सोनं कुणाकडचं हे नाही, त्याचं पुढे काय घडवलं हे बघायचं. आणि गंमत अशी की टाकून द्या म्हणणारेही ते इतक्या डौलदार, घोटीव भाषेत म्हणत होते की ओळीओळीत जुने गुरू दिसावेत. एकाला तर तापात स्वप्न पडलं की देवाच्या दरबारात आपल्याला फटके बसताहेत, तू आमचा नाहीस, त्या जुन्या लॅटिन वक्त्याचा आहेस म्हणून. त्यानं शपथ घेतली, पुन्हा ती पुस्तकं हातात धरणार नाही. पण पुढेही तो लिहायला बसला की तेच जुने कवी त्याच्या वाक्यांत डोकावत राहिले.

हे सांगताना माझा आवाज चढला असावा, कारण लिहिणाऱ्या मुलांनी माना वर केल्या. मग मागच्या बाकावरची लावण्या बोलली. एन्नोरची, कोळ्यांच्या वस्तीतली मुलगी. एरवी तोंड उघडत नाही. म्हणाली, “मॅडम, आमच्या अप्पांनी बाप्तिस्मा घेतला तेव्हा गाणं सोडलं. जाळं ओढताना सगळ्यांच्या पुढे तेच म्हणायचे. पण त्यात जुन्या देवांची नावं यायची, म्हणून एक दिवस तोंड बंद. माझी पाटी, आजी, म्हणते, त्या वर्षी जाळं ओढताना माणसांचे हात एकत्र पडायचे नाहीत.” मी विचारलं, मग? तर म्हणाली, “मग काही वर्षांनी चर्चमध्ये नवीन गाणं बसवलं त्यांनी. येशूचं. चाल तीच, जाळ्याची. फादरना माहीत नव्हतं. पाटी मात्र पहिल्या ओळीलाच रडायला लागली.” वर्ग हसला. मला हसू आलं नाही. तास संपल्यावरही मी खुर्चीतून उठले नाही. बाहेर मुलं परीक्षेच्या वेळापत्रकावरून भांडत होती आणि मी तुझ्याशी मनातल्या मनात भांडत होते. तू मठात जा, संन्यास घे, पण ज्यानं तुला घडवलं त्याला अज्ञान कसं म्हणतोस? अप्पा दाराशी पिशवी धरून उभे होते ते अज्ञानापुढे का?

घरी येऊन मी हे सगळं आईपुढे ओतलं. आता ज्याबद्दल इतका वेळ लिहायचं टाळलं, तिथे यावंच लागेल. स्वामींनी तुला सांगितलंय की आईनं मनापासून हो म्हटल्याखेरीज काषाय वस्त्र मिळणार नाही. तू आईला फोनवर विचारलंस, ती “बघू” म्हणाली, आणि तेव्हापासून त्या शब्दाभोवती हे घर फिरतंय. ती जेवायला बसते आणि अर्ध्यातून उठते. देवापुढे दिवा लावते आणि हातात काडी तशीच धरून उभी राहते. शेजारच्या राजसबाई येऊन सांगून गेल्या, एकुलता मुलगा आहे, हो म्हणू नका, म्हातारपणी कोण बघणार? आईनं त्यांना मुरुक्कूच्या चकल्या बांधून दिल्या आणि दारापर्यंत पोचवलं.

त्या संध्याकाळी मी बोलत होते, इजिप्तचं सोनं, एन्नोरचं जाळं, सगळं; आणि ती शेंगा सोलत होती. मध्येच म्हणाली, “तुझे ते जुने लोक घर सोडून गेले, रानांत, वाळवंटांत. तेंच्या आयांनी काय केलें, गे?”

प्राणेश, इतकी वर्षं मी हा विषय शिकवते, पण हा प्रश्न मला कुणी विचारला नाही, मीही कुणाला विचारला नाही. खूप आठवल्यावर एक बाई सापडली. अंत्युखिया शहरातली, तरुणपणीच विधवा झालेली. मुलगा अतिशय बुद्धिमान. गावातल्या सगळ्यात मोठ्या, जुन्या धर्माच्या गुरूकडे वक्तृत्व शिकलेला. तो सगळं सोडून तपाला निघाला. तेव्हा तिनं त्याचा हात धरला, आपल्या खोलीत नेलं, ज्या पलंगावर त्याला जन्म दिला त्यावर जवळ बसवलं आणि रडून सांगितलं, मला दुसऱ्यांदा विधवा करू नकोस. मी मेल्यावर कुठेही जा.

आईनं विचारलं, “राहिला तो?”

मी म्हटलं, राहिला म्हणतात, काही काळ तरी. पुढे खूप मोठा झाला.

शेंगा संपल्या, आईनं सालं उचलली, कुकर लावला. मला वाटलं, ठरलं हिचं; पलंगावरची बाई हिला पटली. आणि खरं सांगू? मला सुटल्यासारखं वाटलं. आणि लगेच त्या सुटकेचीच धास्ती वाटली, कारण तू राहिलास तर कसा राहशील, ते मला दिसत होतं. त्याच वेळी डोक्यात दुसरंही शिजायला लागलं. मी आईला म्हटलं, तू हो म्हणणार असशील तर एक अट घाल. आधी अनन्याची पायरी तपासून दे, मग जा. नाहीतर होकार नाही. तो ऐकेल, त्याला ऐकावंच लागेल. आईनं कुकरची शिट्टी होऊ दिली आणि मग माझ्याकडे वळून म्हणाली, “होकार म्हणजे काय मार्केटांतली भाजी आहे? हें घे तर तें दे? त्या पोरीचं काम कर म्हणून मी तेला सांगेन, शंभरदां सांगेन. पण यांत गुंतविणार नाही.” म्हणून तुझ्यापुढे मी रिकाम्या हातांनीच मागते. माझ्याजवळ अडवायला काही नाही, धरून ठेवायला काही नाही. संन्याशाचा दंड हाती घेण्याआधी अनन्याला एकदा भेट. पायरी चूक असेल तर चूक म्हण. तुझ्या देवाच्या जगात बरोबर आणि चूक यांना जागा असेलच ना?

आणि आता, पत्र कशासाठी ते. काल दुपारी आईनं मला हाक मारली, शेजारी बसवलं आणि सांगितलं, “प्राणेशाला कळीव, मी हो म्हणितलें. मनापासून. मी त्या बाईसारखें करणार नाही.” मी फोन तिच्या हातात द्यायला लागले, तर तिनं तो माझ्याच मांडीवर उलटा ठेवला. म्हणाली, “फोनावर नको. मी कितीही हो म्हणितलें तरी माझा गळा नाही म्हणेल, आणि तो तेंच ऐकेल, थांबेल. माझं लेकरूं आहे तें, मज ठाऊक आहे. तूं लिही. कागदाला आवाज नसतो.” म्हणून हे पत्र. पौर्णिमेला तुझ्या संन्यासदीक्षेला आम्ही दोघी येऊ. त्यानंतर तुझं नाव बदलेल, मी थोरली असून तुला वाकून नमस्कार करीन, आणि पत्रावर काय लिहायचं ते मठातलं कुणीतरी मला शिकवील. तेव्हा या नावानं मारलेली ही माझी शेवटची हाक समज. आईचा होकार तिच्या शब्दांत जसाच्या तसा वर उतरवला आहे. तो कुणाला वाचायला देऊ नकोस. स्वामींनाही तू स्वतःच्या तोंडानं सांग, रे.

तुझीच,
अक्का