पलटणीच्या हजेरीला

ॲल्वादादा,

वीस वर्षं मी तुझ्या झेंड्यावर व्हरमाँटच्या विधानसभेत निवडून येतोय. यादवी युद्धात झेंडा धरून तू पडलास, ओढ्यात लपलो मी. भाषणात एवढंच उलटं सांगतो. लपलेल्याला मत कोण देणार?

काल पलटणीचा मेळावा होता. हजेरीत मेलेल्याचं नाव आलं की सोबत्यानं ‘रणात पडला’ म्हणायचं, ही आपली रीत. तुझ्या नावाला मी तोंड उघडलं, तेवढ्यात मागून तुझाच आवाज आला, “हजर.”

मग माझं नाव पुकारलं. तूच म्हणालास, “ओढ्यात पडला.”

सगळ्यांनी टोप्या काढल्या. लंगडा हायरम पुटपुटला, “बिचारा ऑरिन. छावणीतही भाषणं मात्र फार लांबवायचा.”

मी त्याचा हात धरला. तो शहारला. “गार वारा सुटलाय रे.”

पत्र टपालात टाकत नाही. माझ्या घरी आता तूच राहतोस.

ओढ्यातला,
ऑरिन