त्रिशुळाची कैफियत

आदिलाबाद, ता. १४ ऑक्टोबर

आदरणीय व्याही दौलतराव यांच्या सेवेशी,

विठ्ठलरावाचा नमस्कार पोचावा. विहीणबाईंनाही सांगावा, त्या घेणार असतील तर.

इकडे आमची प्रकृती वयाच्या मानाने ठीक. तुमच्या गुडघ्याचं कसं आहे? कोणाचं तरी तेल चोळून डावा बरा झाला आणि तेव्हापासून उजवा रुसला, असं मागे कानावर आलं होतं. आमच्या पद्मिनीची साखर वाढली आहे (रक्तातली, डब्यातली मी लपवून ठेवतो, ती शोधून काढते). ही विचारपूस फोनवरच केली असती, पण दोन वर्षांत माझा फोन तुम्ही एकदाही उचलला नाही, आणि त्यात तुमची काही चूक आहे असं मी म्हणत नाही. म्हणून स्पीड पोस्टाने लिहितो आहे. पत्र फाडायचंच असेल तर पूर्ण वाचून फाडावं, एवढीच अर्जी.

आमच्या गल्लीत भाजी विकणारी गयाबाई, तिची बहीण पांढरकवड्यात तुमच्या घरामागेच राहते. गयाबाई सांगून गेली की भार्गवच्या नावाने कोणी भामटा स्वराला टॅबलेटवर निरोप पाठवत होता, तुमच्या हर्षालीच्या हाती ते निरोप लागले, दोन दिवस ती जेवली नाही, आणि तुम्ही ठाण्यात दरखास्त दिली. दौलतराव, मेलेल्या माणसाच्या नावाने त्याच्या लेकराशी बोलणारा तो भामटा मी आहे. बत्तीस वर्षं महसूल खात्यात गिरदावर म्हणून गावोगाव फिरून लोकांच्या कैफियती लिहून घेतल्या. आज स्वतःची देतो. हस्ताक्षर बिघडलं आहे, सांभाळून घ्यावं.

झालं असं. श्रावणात पद्मिनीने भार्गवचं कपाट उघडायला लावलं (कपड्यांना कसर लागेल म्हणून, दोन वर्षं कसर लागेल हे आम्हा दोघांनाही माहीत होतं, पण कपाटाला हात कोणी लावला नव्हता). शर्टांच्या खाली त्याचा टॅबलेट सापडला. त्यात त्याचे फोटो असतील म्हणून मी तो चार्जिंगला लावला. चालू झाल्यावर फोटोंवर बोट ठेवायला गेलो ते शेजारच्या एका खेळाच्या चित्रावर पडलं, आणि एकदम मी एका नदीकाठी उभा. दगड, माती, झाड, गाय, सगळं ठोकळ्यांचं. आमच्या कचेरीतल्या शिवाराच्या नकाशात सुद्धा इतके सरळ बांध मी कधी पाहिले नाहीत. मागे एक दुमजली घर, दाराशी दोन गाई, दारावर पाटी: बाबा आणि स्वरा. मी पुढे जायला गेलो तो मागे गेलो, वळायला गेलो तो भिंतीवर आपटलो, आणि भिंत सोडून निघालो तो घरामागच्या विहिरीत पडलो. विहिरीत असतानाच पडद्याच्या कोपऱ्यात अक्षरं उमटली. स्वरा आली आहे. आणि त्याखाली, इंग्रजी अक्षरांत लिहिलेली मराठी: बाबा?

या खेळात माणसाच्या डोक्यावर त्याचं नाव तरंगतं. टॅबलेट भार्गवचा, खातं भार्गवचं. विहिरीत पडलेल्या माझ्या डोक्यावर माझ्या मुलाचं नाव तरंगत होतं. मी एका बोटाने टाईप करतो. अक्षर सापडेपर्यंत वेळ गेला, पण मी ताबडतोब लिहिलं की बाबा नाही, आबा आहे. तिने मला विहिरीतून काढलं.

तिथून रोज संध्याकाळी पाच ते सहा, हर्षाली नोकरीवरून घरी येईपर्यंत, आमची भेट व्हायला लागली. आईला सांगू नको असं मी तिला म्हटलं नाही. सांग असंही म्हटलं नाही. कायद्यात याला काय म्हणतात ते मला चांगलं माहीत आहे.

आता त्रिशुळाचं. भार्गव आणि ती मिळून एक त्रिशूळ शोधणार होते, तो राहिला होता. त्यावर एक मंत्र चढवला की पाण्यात बुडालेला माणूस सरळ वर आकाशात फेकला जातो म्हणे. पण तो दुकानात मिळत नाही, जमिनीत सापडत नाही. नदीच्या तळाशी भुतं राहतात, त्यांतल्या एखाद्याच्या हातात तो असतो, आणि तशी दहा-बारा मारावी तेव्हा एखाद्याच्या हातून तो खाली पडतो. आमच्या कचेरीतून नक्कल मिळण्याचं प्रमाणही साधारण तेवढंच होतं, म्हणून मला धीर आला. मी विचारलं, त्या भुतांचं नाव काय? तिने लिहिलं, बुडालेले.

दौलतराव, बासरच्या घाटावर तुम्ही तिसऱ्या दिवशी पोचला होता. गोदावरीने भार्गवला परत दिलं तेव्हा तुम्ही माझ्या शेजारी उभे होता, त्याचं तोंड तुम्हीही पाहिलं आहे. मग मी नदीत उतरलो तेव्हा समोरून काय चालत आलं ते तुम्हाला वेगळं सांगायला नको. हिरवट निळं अंग, फाटके कपडे, हात पुढे केलेले. मी टॅबलेट पालथा घातला आणि तीन दिवस कपाटात ठेवला. पद्मिनी म्हणाली, “तोंड असं काऊन झालं हो?” मी म्हटलं पित्त.

चौथ्या दिवशी राहवलं नाही; गेलो तर स्वराने रोज पाच वाजता दारात उभं राहून ‘आहात का’ असं लिहून ठेवलं होतं, तीन वेळा.

पुढचे पाच आठवडे मी जे केलं त्याला शिकार म्हणणं शिकारीचा अपमान आहे. पहिल्या आठवड्यात मीच अकरा वेळा मेलो. एकदा त्रिशूळ छातीत बसून, म्हणजे वस्तू मिळाली खरी, पण चुकीच्या बाजूने. एकदा पाण्यात दम संपून (तेव्हा पडदा लाल होतो; मी तेवढा वेळ डोळे मिटून घेतले). मेलं की माणूस पुन्हा त्याच घरात पलंगावर उठतो. स्वराला यात काही विशेष वाटत नव्हतं. ती लिहायची, उठा आबा, परत जाऊ.

मग मी सरकारी डोकं चालवलं. भुतांमागे पळण्यापेक्षा नदीला कालवा काढून त्यांनाच आपल्याकडे आणावं: प्रवाहात वाहत यावीत, खड्ड्यात पडावीत, तिथे आपण तलवार घेऊन बसावं. जागा मी ठरवली, उतार मी काढला, जन्मभर दुसऱ्यांच्या पाटाचे वाद मी मिटवले आहेत. खोदकाम पुरं झालं, पाणी सोडलं, ते उलटं वाहिलं आणि स्वराच्या दोन्ही गाई वाहून गेल्या. तिने मला मोजून नऊ शब्द सुनावले, त्यातले चार हर्षालीचे वाटले. दुसरा कालवा तिने काढला. तो चालला.

मग रोज तासभर खड्ड्याच्या तोंडाशी बसून एकेकाला मारणं. पडायचं ते कुजकं मांस. चार पेट्या भरल्या. या मांसाचं काय करतात असं मी विचारलं, तर तिने लिहिलं, काही नाही, पण टाकवत नाही. एके दिवशी पद्मिनी मागे येऊन उभी राहिली. तोवर तिला मी पेन्शनची कामं करतो असं सांगितलं होतं. बराच वेळ पाहून म्हणाली, “हे कोण व्हय?” मी म्हटलं, बुडालेले. ती म्हणाली, “मग वर काढा ना त्याह्यले. मारून काऊन राह्यले?” त्या संध्याकाळी तिने स्वयंपाक केला नाही. दुसऱ्या दिवशी पाचच्या आधी मात्र चष्मा पुसून माझ्या शेजारी बसली, आणि स्वरा आल्यावर म्हणाली, “तिले इचारा, जेवली का.”

सप्टेंबरच्या अखेरीस, तीसला, त्रिशूळ पडला. अर्धा झिजलेला, पण अस्सल. स्वरा त्या दिवशी आली नाही. मी तो नेऊन तिच्या पेटीत ठेवला. दुसऱ्या दिवशीही आली नाही. मला वाटलं परीक्षा. आठवडाभर मी पाच ते सहा त्या घराच्या दाराशी उभा राहिलो, मग गयाबाई आली आणि मला कळलं.

कैफियत संपली. टॅबलेट वेगळ्या पार्सलने हर्षालीच्या नावे पाठवतो आहे. ठाण्यात मुद्देमाल म्हणून दाखवायला उपयोगी पडेल, आणि तसाही तो तिचाच आहे.

कळावे,
आपला व्याही म्हणवून घेण्याचा हक्क गमावलेला,
विठ्ठलराव

ता. क. दरखास्त मागे घ्या असं मी म्हणत नाही. जमादाराने बोलावलं तर पहिल्या बसने येऊन जबाब देईन.

ता. क. दुसरा. वर मी ताबडतोब खरं सांगितलं असं लिहिलं आहे. ते खोटं आहे. तिने ‘बाबा?’ विचारलं तेव्हा मी ‘हो’ लिहिलं. दोनच अक्षरं लागतात, पटकन सापडली. नऊ दिवस मी भार्गव होतो. पाचव्या दिवशी, गाईंना चारा घालता घालता, तिने लिहिलं: बाबा, आई उडी मारत होती. मी तिला धरलं. मी सोडलंच नाही.

तेराव्याच्या दिवशी, पन्नास माणसांत, मी हर्षालीला विचारलं होतं: तुला पोहता येतं ना, मग काठावर उभी काऊन राहिली? तुम्ही तिथेच होता. उत्तरादाखल एक वाक्य बोलली असती तर माझं तोंड कायमचं बंद झालं असतं. पण तेव्हा स्वरा तिच्या मांडीवर बसली होती. ते वाक्य हर्षालीने पोरीच्या कानावर पडू दिलं नाही. पोरीला घेऊन उठली आणि तुमच्या गाडीत बसली.

भार्गव होऊन मी स्वराला लिहिलं, बरं केलंस. दौलतराव, बाकी सगळ्याची शिक्षा द्या, या दोन शब्दांची देऊ नका. नवव्या दिवशी मात्र धीर सुटला आणि मी आबा असल्याचं कबूल केलं. मग तिने लिहिलं, माहीत होतं, बाबांच्या लिहिण्यात चुका नसायच्या.

म्हणून खरी विनंती ही. पोर लहान होती, आईला धरलेलं विसरली असेल असं हर्षाली समजते. आपल्यामुळे बाबा गेले आणि आईलाही ते ठाऊक आहे, असं पोर समजते. दोघी एका घरात राहतात आणि एकमेकींपासून तीच गोष्ट लपवतात. मी त्या घरात येऊ शकत नाही. तुम्ही आहात. दोघींना एकदा समोरासमोर बसवा.

ता. क. तिसरा. पत्र पाकिटात घालण्याआधी पद्मिनीने वाचून घेतलं. म्हणाली, “येवढं रामायण लिहिलं, पण माफी कुठं हाये?” शोधलं. नाही. हा शेवटचा कागद वेगळा काढून हर्षालीला द्यावा, बाकीचे तुम्ही फाडा.

हर्षाली, तू काठावर थांबलीस ते बरोबर केलंस. मी बोललो ते चूक होतं. मला माफ कर, किंवा करू नकोस, पण हे माझ्या हातचं लिहिलेलं तुझ्याजवळ असू दे.