झाडावरचे आणि अढीतले

६ एप्रिल, रविवार
आला! घरात नाही, परसात. फाटकातून सरळ मागे. टोमॅटोच्या काठ्या हलवून पाहिल्या, सुतळ्या सैल केल्या, एकेक टोमॅटो खालून बोटानं दाबला. मुठीएवढे झालेत, पण हिरवेगार. मला एवढंच विचारलं, "पाणी सकाळीच घालतेस ना?" बस्स! इतक्या वर्षांचा संसार टाकून पोस्टातल्या बाईच्या घरी राहायला गेला, आणि चौकशी कुणाची, तर टोमॅटोची.

जाताना वर बजावलं, "झाडावरच लाल होऊ दे. तोडायचे नाहीत. झाडावरची चव वेगळीच. झाले की मी नेईन."

समोर अजून 'अहो'च निघतं तोंडातून. मेली सवय! इथं तरी अरे-तुरे करते.

९ एप्रिल
अक्का येऊन गेली. परसात उभी राहून हसली मला. "नवरा गेला आणि त्याची झाडं सांभाळत बसलीस? थोरली बहीण म्हणून सांगते, उपटून टाक!" मग वाकून एक टोमॅटो दाखवला. बुडाला जराशी गुलाबी झाक. "हा पाडाला आलाय. झाडाकडून घ्यायचं ते घेऊन झालं याचं. आता घरात पिकला काय नि इथं पिकला काय, चव तीच. इथं ठेवलास तर पाखरं टोचतील."

बघू, म्हटलं.

खरं ते लिहिते. तोडले की एका पिशवीत भरून नेईल आणि संपलं. झाडावर आहेत तोवर रविवार आहेत. लाज वाटते लिहिताना.

१३ एप्रिल
आज आतही आला. पाणी प्यायला. आपल्या जुन्या खुर्चीत बसला. "चहा टाकू?" "नको, तिकडे वाट बघतेय." तिकडे! त्याचा पेला मोरीत आपटूनच विसळला. रागानं. हो, रागानंच!

१५ एप्रिल
ऊन नुसतं भाजतंय. टोमॅटो लाल व्हायचे सोडून पिवळट पडून अडलेत. अक्का फोनवर म्हणाली, त्यांना ऊब लागते, ऊन नाही; फार तापलं की रंग धरत नाहीत. धरू नका बाबांनो. मला घाई नाही.

१८ एप्रिल
काल पाणी घालायचं विसरले, म्हणून आज दुप्पट घातलं. सगळ्यांत मोठा तडकला, देठापासून खालपर्यंत. आता काय सांगू?

२० एप्रिल
सांगावं लागलंच नाही, आल्या आल्या दिसला. "एवढंसं काम, तेही धड नाही! तुझ्या हाती काही टिकतच नाही." माझ्या हाती! तळपायाची आग मस्तकात गेली.

तो गेल्यावर कात्री घेतली. गुलाबी, पिवळट, हिरवे, सगळे तोडले. खोक्यात वर्तमानपत्र पसरून आंब्यांसारखी अढी घातली. देठ खाली, एकमेकांना टेकू न देता. मधे एक पिकलेलं केळं. त्यानं बाकीचे लवकर पिकतात म्हणे. खोकं पलंगाखाली सारलं. त्याच्या बाजूनं.

२७ एप्रिल
बोडकी झाडं बघून किंचाळलाच. "कच्चे तोडलेस? आता सडणार सगळे!" मी म्हटलं, "सडले तर माझ्या घरात सडतील, तुम्हाला काय?" जन्मात पहिल्यांदा उलटून बोलले. पाणीही न पिता गेला.

मग रडले. आता कशाला येईल? स्वतःच्याच पायावर धोंडा पाडून घेतला मी.

३० एप्रिल
खोकं उघडलं. लालबुंद! दोनच सुरकुतलेत, ते अगदीच कोवळे होते, त्यांचं काही व्हायचंच नव्हतं. एक कापला, मीठ लावून उभ्या उभ्या खाल्ला. रस पार कोपरापर्यंत. चवीत काडीचा फरक नाही. काडीचा! आणि या माणसाचं झाडावरच्या चवीचं प्रवचन मी लग्न झाल्यापासून माना डोलावत ऐकतेय. आधी हसू आलं. मग अशी चीड आली, की आणखी एक खाल्ला.

रविवारी त्याच्यापुढे फोड ठेवणार. बघू ओळखतो का.

४ मे, रविवार
आला नाही. ताटली झाकून ठेवली होती. संध्याकाळी फेकून दिली.

६ मे
बेल वाजली. दारात पोस्टातली बाई, डोळे सुजलेले. "ताई, त्यांना जरा बाहेर बोलावता? रविवारी टोमॅटो बघून येतो म्हणून निघाले, ते आलेच नाहीत. कपाट उघडलं, तर कपडेसुद्धा नाहीत. मला वाटलंच होतं, मन इथंच आहे त्यांचं."

आत या, म्हटलं.