पळून आलेला फणस

तीर्थरूप आईंना इकडे आखातातल्या गुदैबियाहून मनालीचा नमस्कार.

परसातला तुमचा पळालेला फणस सापडला. गेल्या शुक्रवारी आमच्या बिल्डिंगखाली येऊन उभा राहिला. चालती झाडं समुद्राच्या तळातून वाट काढतात म्हणे. त्याच्या मुळांना शिंपले चिकटलेत. वाटेत समुद्राखालीच गोड्या पाण्याचे झरे लागतात, असं इथले म्हातारे सांगतात.

एसीचं साठलेलं पाणी मी त्याला घातलं, तर त्याने फांदी वाकवून माझ्या खांद्यावर ठेवली. ओळखलं त्याने.

सागर म्हणाला, "आईला कळव." म्हणून लिहितेय, पण पाठवणार नाही.

फळ न धरणाऱ्या झाडाला धाक दाखवायची आपली रीत. तुम्ही कोयता उगारून विचारलंत, "धरतोस की तोडू?" झाडाच्या वतीने मी म्हणाले, "धरेन पुढच्या वर्षी." तेव्हा तुम्ही झाडाकडे नाही, माझ्याकडे बघत होतात. त्याच आठवड्यात तो निघून गेला. पाठोपाठ मीही सागरकडे आले.

फणसाला अजून फळ नाही. संध्याकाळी मी त्याला टेकून बसते. मी त्याला काही विचारत नाही, तोही मला विचारत नाही.

तुमची सून,
मनाली