पेटीवरच्या दोन टिचक्या

मंगळवार, संध्याकाळचे साडेसात

दुपारी ऑफिसात पाहिलेला तो व्हिडिओ डोक्यातून जात नाहीये. काचेच्या पेटीत खाऊ ठेवलेला. माणूस आधी पेटीवर उगाच दोन टिचक्या मारतो, मग झाकण उघडतो. चिंपांझीने टिचक्या सोडून दिल्या आणि सरळ खाऊ काढला. लहान मुलांनी मात्र आधी टिचक्या मारल्या, एकूण एक मुलाने. म्हणे असं बघून बघूनच माणूस शहाणा झाला. झाला असेल.

मघाशी फाटकाची कडी वाजली. माझ्या लेकीने, मुक्ताने, झटकन टीव्हीचा आवाज बंद केला, सोफ्यावरचे पाय खाली घेतले आणि ताठ बसली. कुरिअरवाला होता.

"आवाज का गं बंद केलास?"

"कडी वाजली की करायचा असतो. तू करतेस ना!"

सासरे घरात आले की आवाज चालायचा नाही. पण त्यांना जाऊन चार वर्षं झाली. मुक्ता तेव्हा रांगत होती, तिला ते आठवतही नाहीत. मग या टिचक्या कुणासाठी? चिंपांझीने पहिल्याच दिवशी सोडल्या असत्या.

आणि तिला हे विचारताना माझा हात कुठे होता? ओढणीवर. सारखी करत होते.