रिकाम्या खुर्चीचा सिनेमा

७ मार्च २०२३
काम मिळालं! सेंट अल्बन्सला ल्युबेन नावाचा एक म्हातारा बल्गेरियन दिग्दर्शक राहतो. तिकडे तीन सिनेमे केले, इथे आल्यावर तीस वर्षं फक्त बायकोला शूट करत बसला. घरातल्या घरात. ती, रोसित्सा, चार वर्षांपूर्वी गेली. मग याला स्ट्रोक – वाचा गेली, उजवा हात गेला. त्याचा हा शेवटचा सिनेमा मी जोडून द्यायचा. मुलगी एलेना दूर डार्विन शहरात नर्स आहे, विमानानेच येता येतं. फोनवर म्हणाली, ‘डॅडला सगळं कळतं. शॉट दाखव, विचार. मान हलवून सांगेल.’

९ मार्च
पद्धत बसली. ‘ठेवू?’ विचारायचं. मान वर-खाली – ठेवायचा. आडवी – बाद.
रूममेट प्रतीक्षा म्हणाली, ‘मस्त जॉब आहे, मान तो हलवणार, नंदीबैल मात्र तू.’ हलकट.

१५ मार्च
विक्षिप्त आहे म्हातारा. बायको हसतेय, पीठ मळतेय, बरण्यांत मिरच्या भरतेय – सगळं बाद! ती उठून गेल्यावर कॅमेरा नुसताच चालू राहिलाय, रिकामी खुर्ची, हलणारा पडदा – ते मात्र ठेवायचं. आज डावा हात टेबलावर आपटून रडला. मी पाणी दिलं. आठवणीने होत असेल.

२८ मार्च
आता मला भीती वाटते. स्क्रीनवर जे स्वयंपाकघर, त्यातच मी बसलेली. खुर्ची तीच. सारखं वाटतं, ती बसलीय, फक्त दिसायचं नाही असं तिने ठरवलंय. भर दुपारी सगळे दिवे लावले. शेवटी खुर्ची भिंतीकडे वळवून ठेवली. ल्युबेनने एका हाताने ती परत फिरवली. अर्धा तास लागला त्याला. मी मदत केली नाही, हात लावायची हिंमत नव्हती.

३ एप्रिल
हल्ली खुर्चीकडे पाठ करून बसत नाही.

११ एप्रिल
सिनेमा पूर्ण! युनिव्हर्सिटीतली माझी फिल्मची ट्यूटर म्हणाली, इतकं धाडस तरुणांनाही जमत नाही. ल्युबेनला लावून दिला. त्रेपन्न मिनिटं, एकही माणूस नाही. संपल्यावर विचारलं, ‘हाच ना तुमचा सिनेमा?’
मान वर-खाली, वर-खाली – थांबेचना. गालांवरून पाणी. बसमध्ये मीही रडले, आनंदाने.

१३ एप्रिल
ल्युबेन गेला. झोपेतच.

१६ एप्रिल
एलेना आली. सिनेमा पाहून म्हणाली, ‘यात आई कुठेय?’ मी म्हटलं, त्यांनीच नको म्हटलं – आणि मान आडवी हलवून दाखवली.
तिने तशीच मान हलवून पाहिली. मग हळू म्हणाली, ‘आमच्याकडे, बल्गेरियात, आडवी म्हणजे हो. उभी म्हणजे नाही. इथे आल्यावर डॅडने सोडलं होतं ते. स्ट्रोकनंतर परत आलं असेल. मला फोनवर कुठे दिसणार?’
मंगळवारी सिनेमा संपल्यावर तो मला इतका वेळ नाही, नाही, नाही म्हणत होता.